हरलेल्यांच्या हातातला निकाल

२३ ऑगस्ट २००० च्या रात्री अमेरिकेत पाच कोटी सतरा लाख लोक सीबीएस वाहिनी लावून बसले होते. ज्या निकालासाठी ते बसले होते तो चार महिन्यांपूर्वीच लागला होता. मलेशियातल्या साबा राज्याच्या किनाऱ्याजवळ पुलाउ तिगा नावाचे बेट आहे, तिथे एप्रिलमध्येच सगळे संपले होते आणि जिंकलेला माणूस एवढे मोठे गुपित पोटात ठेवून आपल्या गावात वावरत होता. ‘सर्व्हायव्हर’च्या पहिल्या पर्वाचा हा अखेरचा भाग. सोळा माणसे, एकोणचाळीस दिवस आणि शेवटी एकाला दहा लाख डॉलर.

त्याच वर्षी ३ जुलैला आपल्याकडे ‘कौन बनेगा करोडपती’ सुरू झाले होते आणि ऑक्टोबरात मुंबईचा हर्षवर्धन नवाथे पहिला करोडपती झाला. त्यामुळे २००० सालच्या मराठी घराला ‘मोठ्या रकमेचा कार्यक्रम’ म्हटले की अमिताभ बच्चन, चार पर्याय आणि घड्याळाची टिकटिक आठवणार हे साहजिक होते. त्या खेळात कोणाची मर्जी सांभाळावी लागत नाही. उत्तर बरोबर असले की पैसे तुमचे. शेजारी तुमच्यावर जळो वा तुम्हाला ओवाळो. पलीकडे पुलाउ तिगावर जे घडले त्याची जात निराळी होती. तिथे कोण जिंकले हे ठरवायचे काम दिले होते हरलेल्यांना.

नियम असा. दर तीन दिवसांनी रात्री मशालींच्या उजेडात सभा भरायची, गुप्त मतदान व्हायचे आणि ज्याला सर्वाधिक मते त्याने सामान उचलून निघायचे. असे करत दोघेच उरले की शेवटचे बाहेर पडलेले सात जण परत येऊन समोर बसायचे. ते दोघांना प्रश्न विचारायचे, वाट्टेल ते सुनवायचे आणि मग मत द्यायचे. या वेळी काढण्यासाठी नव्हे, जिंकवण्यासाठी. म्हणजे ज्यांना तुम्ही फसवले, झुलवले, ज्यांच्या पाठीमागे कंपू जमवून ज्यांचा काटा काढला, त्यांच्याच हाताने तुम्हाला दहा लाख डॉलर घ्यायचे आहेत. आपल्या गावपंचायतीत पंच तिऱ्हाईत असावा अशी निदान अपेक्षा तरी असते. इथे फिर्यादीच पंच.

या कार्यक्रमाची मूळ कल्पना चार्ली पार्सन्स या ब्रिटिश निर्मात्याची. १९९७ साली ती स्वीडनमध्ये पडद्यावर आली आणि मार्क बर्नेटने ती अमेरिकेत नेली. समुद्र, साप, किडेमुंग्या खाणे वगैरे दिखाऊ भाग कोणालाही सुचला असता. माझ्या मते या सगळ्यात खरी बुद्धी त्या शेवटच्या सभेत आहे, आणि तिची पुरेशी चर्चा होत नाही.

पहिल्या पर्वात शेवटी उरलेले दोघे म्हणजे रिचर्ड हॅच आणि केली विगल्सवर्थ. हॅच ऱ्होड आयलंडचा, कंपन्यांतल्या लोकांना प्रशिक्षण देणारा, स्थूल, समलिंगी असल्याचे उघड सांगणारा, बेटावर बिनदिक्कत नागडा फिरणारा. पहिल्याच भागात त्याने कॅमेऱ्याला सांगून टाकले होते की धनादेश माझ्या नावे लिहिलेलाच आहे. केली तरुण, काटक, नदीत राफ्टिंगला लोकांना घेऊन जाणारी. सुरुवातीला स्पर्धकांच्या दोन टोळ्या होत्या. आपल्या टोळीत हॅचने लवकरच चौघांचा कंपू बांधला. तो स्वतः, केली, सू हॉक नावाची ट्रकचालक बाई आणि बहात्तर वर्षांचा निवृत्त नौदल कमांडो रूडी बोश. समोरची टोळी मनमिळाऊ होती, तिला असले राजकारण हीन वाटे. दोन्ही टोळ्या एकत्र आल्या आणि चौघांच्या ठरवून पडणाऱ्या मतांपुढे ती मनमिळाऊ माणसे एकामागून एक घरी गेली. पुढच्या पंचवीस वर्षांतले कंपू इथूनच निघाले, ‘बिग बॉस’च्या घरातलेही.

रूडी आणि हॅच ही जोडी तर कादंबरीकाराला सुचू नये अशी. म्हातारा जुन्या वळणाचा, हॅचच्या समलिंगी असण्याविषयी आडपडदा न ठेवता बोलणारा. पण एकदा हात मिळवला म्हणून शेवटपर्यंत शब्द पाळणारा. हॅचलाही त्याचा लोभ होता, आणि तरी त्यानेच रूडीचा घात करवला, तोही स्वतःचा हात न माखता.

अखेरच्या तिघांची परीक्षा होती एका खांबावर हात ठेवून उभे राहण्याची. ज्याचा हात शेवटी टिकेल त्याने उरलेल्या दोघांतून एकाला काढायचे. हॅचने काही वेळाने आपण होऊन हात काढला. पाहणाऱ्यांना वाटले, दमला. त्याचा हिशेब वेगळा होता. आपण जिंकलो तर रूडीला बरोबर न्यावे लागेल, आणि सात जणांपुढे रूडीसमोर आपला टिकाव लागणार नाही. रूडीला काढले तर शब्द मोडला, त्याचे मतही गेले. मग जिंकूच नये. केली जिंकली तर ती स्वतःच्या भल्यासाठी रूडीला काढेल आणि रूडीचे मत आपल्याकडे शाबूत राहील. तासन्‌तास उन्हात उभे राहिल्यावर रूडीचा हात भान सुटून निघाला, केली जिंकली, तिने रूडीला काढले. दहा लाखांच्या खेळातली सर्वांत मोलाची चाल हरण्याची होती. रूडी जिंकला असता तर हाच डाव अंगाशी आला असता. तेवढा जुगार हॅचने केलीच्या चिवटपणावर खेळला.

मग ती सभा. सू हॉकने तिथे जे भाषण केले ते अमेरिकन दूरचित्रवाणीच्या इतिहासात नोंदले गेले आहे. केली तिची जिवलग होती आणि चौघे उरले असताना तिनेच सूला घरी पाठवले होते. सू उभी राहिली आणि म्हणाली, या बेटावर दोनच प्राणी आहेत, साप आणि उंदीर. हॅच साप, ज्याने आपण साप असल्याचे लपवले नाही, केली उंदीर. पुढे केली तहानेने मरताना दिसली तरी पाणी देणार नाही, गिधाडांना नेऊ देईन, असे तिने तोंडावर सुनावले. सापाने उंदीर खावा हाच निसर्गाचा कायदा, असे म्हणून ती बसली. ग्रेग बुइस नावाच्या पोराने दोघांना एक ते दहामधला आकडा विचारला, बस्स, एवढाच प्रश्न. शेवटी मते पडली चार विरुद्ध तीन. हॅच जिंकला. केलीला दुसऱ्या क्रमांकाचे एक लाख डॉलर मिळाले. एका मताची किंमत नऊ लाख डॉलर, आणि ग्रेगचे मत हॅचला गेले होते.

केली का हरली? कामगिरी बघितली तर तीच वरचढ होती. शेवटच्या टप्प्यात तिने एकामागून एक परीक्षा जिंकून स्वतःला वाचवले होते. स्वभावही हॅचपेक्षा गोड. पण अर्ध्या वाटेत तिला कंपूची लाज वाटू लागली. ती समोरच्या टोळीतल्या मुलींत मिसळली, मते वेगळी टाकू लागली, आणि तरीही कंपूने साफ केलेल्या रस्त्यानेच पुढे जात राहिली. हरलेल्यांच्या डोळ्यांत तिचा गुन्हा फसवणुकीचा नव्हता, फसवणूक तर हॅचने जास्त केली. तिने फायदा घेतला आणि वर सज्जनपणही हवे म्हटले, हे त्यांना खुपले. आपल्या राजकारणात, कचेरीत, अगदी गृहनिर्माण संस्थेच्या सभेत हेच दिसते. उघड डावपेच खेळणाऱ्याला लोक शिव्या देतात आणि मतही देतात. काठावर बसून नाक मुरडणाऱ्याला शिव्याही देत नाहीत.

हे एका पर्वापुरते असते तर योगायोग म्हणून सोडून दिले असते. पुढच्याच वर्षी ऑस्ट्रेलियातल्या पर्वात कोल्बी डोनाल्डसन शेवटची परीक्षा जिंकला. बरोबर कोणाला न्यायचे ते त्याच्या हातात होते. एक होता कोणालाच फारसा न आवडणारा कीथ, दुसरी सर्वांची लाडकी टीना वेसन. कीथला नेले असते तर विजय जवळजवळ खिशात. त्याने टीनाला नेले आणि चार-तीनने हरला. पराभूतांच्या सभेपुढे तोलामोलाच्या माणसाशी लढावे असे त्याला वाटले असणार. हॅचने हा विचार क्षणभरही केला नसता.

रसेल हँट्झची गोष्ट मात्र उलट टोकाची. २००९ साली सामोआच्या पर्वात तो सहकाऱ्यांच्या बाटल्यांतले पाणी ओतून द्यायचा, मोजे जाळायचा, आणि डावपेचांत सर्वांच्या पुढे होता. या पर्वात शेवटी दोघांऐवजी तिघे उरायचे, त्यांत तो पोचला. पराभूतांच्या नऊ जणांच्या ज्युरीने सात मते नॅटली व्हाइटला दिली, त्याला दोन. प्रेक्षकांनी मात्र त्यालाच आवडता खेळाडू निवडून एक लाख डॉलर दिले. निकालानंतरच्या कार्यक्रमात त्याने विजेतेपदाचा किताब नॅटलीकडून पैसे देऊन विकत मागितला! तिने दिला नाही. पुढच्या पर्वात तो पुन्हा अंतिम फेरीत गेला आणि या वेळी एकही मत मिळाले नाही. सँड्रा डायझ-ट्वाइन जिंकली. हॅचही धूर्त आणि हाही. फरक माशांचा होता. हॅच रोज भाला घेऊन समुद्रात उतरायचा आणि ज्यांना उद्या काढायचे त्यांनाही आज मासे खाऊ घालायचा.

रसेलच्या बाबतीत प्रेक्षक एकीकडे आणि पराभूत दुसरीकडे गेले, तिथे थोडे थांबायला हवे, कारण आपल्याकडचे जवळजवळ सगळे मोठे कार्यक्रम प्रेक्षकांच्या मतांवर चालतात. २००५ च्या मार्चमध्ये अभिजीत सावंत पहिला ‘इंडियन आयडॉल’ झाला तो एसेमेसच्या लाटेवर. तोच अभिजीत २०२४ साली ‘बिग बॉस मराठी’च्या पाचव्या पर्वात शेवटच्या दोघांत उभा होता आणि ६ ऑक्टोबरला रितेश देशमुखने हात उंचावला तो बारामती तालुक्यातल्या मोढव्याच्या सूरज चव्हाणचा. बक्षीस १४ लाख ६० हजार. त्या पर्वातला खेळ सर्वांत जास्त जिने हलवला ती निक्की तांबोळी तिसरी.

सूरजच्या विजयाबद्दल नाके मुरडणारे पुष्कळ निघाले आणि त्यात शहरी तुच्छता भरपूर होती. आईबापांविना, गरिबीत वाढलेला पोरगा, त्याला महाराष्ट्राने घरचा मानला. यात वाईट वाटण्यासारखे काही नाही. पण त्याचे मोल घरातल्या सोबत्यांनी काय केले असते? कदाचित तोच जिंकला असता, कारण त्याने कोणाचा घात केल्याचे दिसले नाही. कदाचित अभिजीत. प्रेक्षक मत देतो तेव्हा त्याचे काही जात नाही. त्याने ना त्या माणसाबरोबर उपाशी रात्र काढली, ना त्याच्याकडून दगा खाल्ला. त्याला दिसतो तो संकलकाने दिवसाच्या चोवीस तासांतून काढलेला तासभर. सोबत्याला उरलेले तेवीस तास माहीत असतात.

पराभूतांचा न्याय म्हणजे शुद्ध न्याय, असा माझा दावा नाही. सूड, मत्सर, आकड्यांचे खेळ, सगळे त्यात आहे. शिवाय निर्मात्याचा हात कुठवर पोचतो ही शंका राहतेच. पहिल्या पर्वातून लवकर बाहेर पडलेल्या एका वकील स्पर्धकाने २००१ साली खटला भरून आरोप केला की मला काढून रूडीला ठेवावे म्हणून निर्मात्याने दोघांची मने वळवली. निर्मात्याने तो नाकारला. रूडी तेव्हाच गेला असता तर खांबाची चालही नाही आणि ती चार मतेही नाहीत, एवढे खरे.

पैशाचे पुढे काय झाले तेही सांगून टाकतो. आपल्याकडे अशा बक्षिसातून आयकर आधीच कापून उरलेली रक्कम हाती देतात. ‘करोडपती’ला पूर्ण कोटी कधीच मिळत नाही. हॅचला रक्कम अख्खी मिळाली आणि त्यावरचा कर त्याने भरला नाही. २००६ साली न्यायालयाने त्याला एक्कावन्न महिन्यांचा तुरुंगवास ठोठावला. ज्युरीला समजावणे त्याला जमले, करखात्याला जमले नाही.

अलीकडे रकमा फुगत चालल्या आहेत. ‘बीस्ट गेम्स’मध्ये हजार स्पर्धक होते आणि पन्नास लाख डॉलरचे एक कोटी झाले ते नाणे उडवून. थरार असतो, पण जिंकणाऱ्याला कोणालाच काही समजावून सांगावे लागत नाही. हिंदीत ‘सर्व्हायव्हर’ २०१२ साली स्टार प्लसवर आले आणि एका पर्वात आटोपले. बेटावरची मशाल आपल्याला नको असेल तर नको.

पण ‘बिग बॉस मराठी’च्या निर्मात्यांना एक विनंती करावीशी वाटते. महाअंतिम सोहळ्याला तुम्ही बाहेर पडलेल्या सदस्यांना बोलावताच, त्यांचे नाच बसवता, टाळ्या वाजवायला पुढच्या रांगेत बसवता. पुढच्या पर्वात त्यांना शेवटच्या दोघांना प्रत्येकी एक प्रश्न विचारू द्या, आणि निम्मी मते त्यांच्या हाती द्या. उरलेली निम्मी आमच्याकडे राहू देत.