वाल्येवोचे पांढरे तंबू

समोर माणूस वेदनेने तळमळत असताना चित्रकाराने कुंचला हाती धरावा का, हा प्रश्न ‘कलेसाठी कला की जीवनासाठी कला’ या मराठी वाचकाच्या परिचयाच्या वादात पुरता मावत नाही; कारण त्या वादात कलाकृतीचे प्रयोजन विचारले जाते, तर येथे पाहण्याचा अधिकारच तपासला जातो. सर्बियातील आधुनिक चित्रकलेच्या प्रवर्तक नादेज्दा पेत्रोविच (१८७३–१९१५) यांच्या आयुष्यात हा प्रश्न प्रत्यक्ष उभा राहिला आणि त्याचे उत्तर त्यांनी ग्रंथात नव्हे, तर एका रुग्णालयाच्या चित्रात दिले.

चाचक येथे जन्मलेल्या पेत्रोविच १८९८ मध्ये म्युनिकला आंतोन आज्बे यांच्या चित्रशाळेत शिकायला गेल्या. १९०० मध्ये बेलग्रेडला त्यांचे पहिले स्वतंत्र प्रदर्शन भरले, तेव्हा जाड थरांचे, उघड्या फटकाऱ्यांचे ते रंग तेथील टीकाकारांच्या पचनी पडले नाहीत. १९०३ मध्ये ‘सर्बियन भगिनींचे मंडळ’ ही मदतकार्य करणारी संस्था स्थापन करण्यात त्यांचा पुढाकार होता, तर १९०५ मध्ये सिचेव्हो या गावी त्यांनी चित्रकारांची वसाहत, म्हणजे एकत्र राहून निसर्गात काम करण्याचे शिबिर, भरवले. सेवा आणि चित्रकला असे त्यांच्या आयुष्याचे दोन कप्पे करणे सोयीचे असले तरी ते खरे नव्हे. बाल्कन युद्धांत परिचारिका म्हणून राबत असतानाच्याच काळात, १९१३ मध्ये, त्यांनी ग्राचानित्सा येथील चौदाव्या शतकातील मठाचे चित्र रंगवले.

या मठाच्या परंपरेतच प्रश्नाची एक किल्ली सापडते. ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती पंथात ‘आयकॉन’ म्हणजे पूजनीय पवित्र चित्र. लाकूड आणि रंग यांना मान देणे ही मूर्तिपूजाच होय, असा आक्षेप आठव्या शतकात घेतला गेला, तेव्हा इ. स. ७८७ च्या निकिया येथील धर्मपरिषदेने निर्णय दिला, की चित्राला दिलेला मान चित्रापाशी थांबत नाही, तर ज्याचे ते चित्र आहे त्याच्याकडे पोहोचतो. पेत्रोविच आयकॉन रंगवणाऱ्या नव्हत्या, आणि त्यांच्या ग्राचानित्सात मठ दिसतो तो भक्तिचित्राच्या शिस्तीत नव्हे, तर रंगांच्या आवेगात. तरीही दृष्टी चित्रातून आरपार जाऊन कोणापर्यंत तरी पोहोचते, ही कसोटी त्यांच्या अखेरच्या कामाला लावून पाहण्याजोगी आहे.

ते काम म्हणजे १९१५ मधील ‘वाल्येवोचे रुग्णालय’. पहिल्या महायुद्धातील कोलुबाराच्या लढाईनंतर सर्बियातील वाल्येवो या गावात जखमी सैनिकांची आणि ऑस्ट्रिया-हंगेरीच्या युद्धकैद्यांची रीघ लागली होती, आणि उवांमुळे पसरणारा टायफस, म्हणजे अंगावर पुरळ उठवणारा प्राणघातक ज्वर, त्यांच्यात थैमान घालत होता. चित्रात मात्र दिसतात ते पांढरे तंबू आणि त्यांच्याभोवतीची हिरवाई, जणू घाईने पण निश्चयाने ओढलेल्या जाड फटकाऱ्यांतली. रुग्णाचा एकही चेहरा ओळखता येत नाही. ही टाळाटाळ नव्हे. ज्या स्त्रीने तेथे परिचारिका म्हणून ते चेहरे रोज जवळून पाहिले, तिने त्यांना प्रेक्षकाच्या कुतूहलापुढे उघडे टाकण्याचे नाकारले, असाच याचा अर्थ लावणे उचित ठरते. वेदना कापडाआड राहते आणि पाहणाऱ्याचे मन त्या कापडापलीकडे जाते.

पेत्रोविच यांची करुणा त्यांच्या प्रखर राष्ट्रभावनेपासून वेगळी काढता येत नाही, हे येथे प्रांजळपणे मान्य केले पाहिजे, कारण स्वकीयांपुरती मर्यादित असलेली करुणा नीतिदृष्ट्या अपुरीच असते. परंतु तंबूच्या कापडावर आतला रुग्ण सर्ब आहे की शत्रुपक्षाचा कैदी, हे लिहिलेले नाही, आणि चित्रही ते सांगत नाही. येथे कलाकृती कलावंताच्या मतांहून व्यापक झालेली आहे.

म्हणून पाहण्याचा अधिकार कोणाला, याचे या चित्रापुरते उत्तर स्पष्ट देता येते: जो स्वतः त्या तंबूत शिरतो, त्याला. पेत्रोविच यांना तेथेच टायफसची लागण झाली आणि ३ एप्रिल १९१५ रोजी, वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी, वाल्येवोतच त्यांचा मृत्यू झाला.