नियम नेमका कुणी केला?

मार्च 1883 मध्ये अमेरिकेतल्या नॉर्थवेस्टर्न लीगच्या बैठकीत पिओरियाच्या प्रतिनिधीनं एक ठराव आणला: या लीगमध्ये कृष्णवर्णीय खेळाडू नकोत. रोख एकाच माणसावर होता. ओहायोतल्या टोलीडो शहराच्या ‘ब्लू स्टॉकिंग्ज’ संघानं मोझेस फ्लीटवुड वॉकर याला करारबद्ध केलं होतं. ऑबर्लिन कॉलेजात शिकलेला, पुढे मिशिगन विद्यापीठात कायद्याचा अभ्यास केलेला वॉकर कॅचर होता. म्हणजे साधारण आपल्या यष्टिरक्षकासारखा. ठरावावर वाद झाला आणि तो बारगळला. टोलीडोनं त्या वर्षी वॉकरला घेऊनच ही मायनर लीग जिंकली.

त्याच हंगामात, 10 ऑगस्टला, शिकागोचा बलाढ्य संघ टोलीडोत प्रदर्शनी सामना खेळायला आला. वॉकर मैदानात उतरणार असेल तर आपण खेळणार नाही, असं त्यांचा कर्णधार कॅप अ‍ॅन्सन म्हणाला. खरं तर हाताला दुखापत झाल्यामुळे वॉकर त्या दिवशी खेळणारच नव्हता. पण टोलीडोचा मॅनेजर चार्ली मॉर्टन या अटीवर चिडला. त्यानं वॉकरला मुद्दाम संघात घेतलं आणि अ‍ॅन्सनला बजावलं, खेळला नाहीस तर तिकिटांच्या पैशांतला वाटा विसर. अ‍ॅन्सन खेळला.

मॉर्टनची कृती नैतिक होती का? त्याला राग आला होता, त्याच्या हातात पैशांचं हत्यार होतं आणि दुखऱ्या हाताचा माणूस त्यानं मैदानात उतरवला. हेतू शुद्ध असला तरच कृती चांगली, असं मानणाऱ्याला इथे शंका येईल. मला मात्र त्याची एक गोष्ट महत्त्वाची वाटते. अशा वेळी नकाराची किंमत सहसा ज्याला नाकारलं त्यानंच मोजायची असते. ‘वाद नको, तू आज बस’ असं त्याला समजुतीच्या सुरात सांगितलं जातं. मॉर्टननं ती किंमत नकार देणाऱ्याच्या खिशातून मागितली, आणि तत्त्वाची गोष्ट एका दुपारीत मिटली.

या इतिहासात अ‍ॅन्सनला खलनायक ठरवणं सोपं आहे. तो उघड बोलला, म्हणून त्याला उघड उत्तर देता आलं. पिओरियाचा ठरावही कागदावर होता, म्हणून पाडता आला. मला जास्त भीती वाटते ती गप्प राहणाऱ्यांची.

1884 मध्ये टोलीडो वरच्या दर्जाच्या अमेरिकन असोसिएशनमध्ये गेला. तिथे संघाचा पिचर टोनी मुलेन वॉकरच्या खुणा मानतच नसे. चेंडू कसा येणार हे ठाऊक नसताना वॉकर तो अडवत राहिला. आपण ज्यांच्यासोबत खेळलो त्यांतला सर्वोत्तम कॅचर वॉकरच होता, हे मुलेननं पुढे स्वतःच कबूल केलं. म्हणजे गुण दिसत नव्हते, असं नाही. दिसूनही त्यांनी काही फरक पडत नव्हता.

जुलै 1887 मध्ये इंटरनॅशनल लीगनं ठरवलं की कृष्णवर्णीयांचे नवे करार मंजूर करायचे नाहीत. जे आधीपासून आहेत ते राहू देत. वाक्य किती सौम्य आहे पाहा! कुणालाही हाकललं नाही, त्यामुळे कुणालाही अपराधी वाटायचं कारण नाही. वॉकर या लीगमध्ये 1889 पर्यंत खेळला. त्यानंतर तिथे कृष्णवर्णीय खेळाडू दिसला तो थेट 1946 मध्ये, माँट्रियलच्या संघातला जॅकी रॉबिन्सन. मधल्या 57 वर्षांत बंदीसाठी लेखी नियमाची गरज उरली नव्हती. ‘सभ्य माणसांमधला समझोता’ पुरेसा होता. मालक म्हणायचे, खेळाडू ऐकणार नाहीत. खेळाडू म्हणायचे, प्रेक्षकांना चालणार नाही. प्रत्येकाचं बोट दुसऱ्याकडे.

जोतीराव फुल्यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केला. तो आदर योग्यच होता. पण अवघ्या दहा वर्षांनी त्याच देशात वॉकरविरुद्ध ठराव आला. कायद्यानं बेडी तुटली, तरी कुणाच्या शेजारी उभं राहायचं हे लोक आपसात ठरवतच होते.

म्हणून मला वाटतं, अलिखित अन्यायाची जबाबदारी तो सुरू करणाऱ्यापुरती थांबत नाही. ‘आपल्याकडे असंच चालतं’ हे ऐकून जो मान डोलावतो, तो त्या दिवसापुरता तो नियम नव्यानं करत असतो. त्याचा वाटा लहान असेल, पण नियम अशा लहान वाट्यांवरच जगतो.

मग करायचं काय? वॉकरचा धाकटा भाऊ वेल्डी, तोही टोलीडोकडून काही सामने खेळलेला. 1888 मध्ये ट्राय-स्टेट लीगनं कृष्णवर्णीयांना करारबद्ध करण्याची मुभा काढून घेतल्याचं त्याला कळलं. त्यानं लीगच्या अध्यक्षांना पत्र लिहिलं आणि ते ‘स्पोर्टिंग लाइफ’मध्ये छापून आलं. खेळाडूला रोखायचंच असेल तर कौशल्य, वागणूक, बुद्धी यांत कमी असल्याचं कारण द्या, रंगाचं नको, असं त्यानं मांडलं. शेवटी पुन्हा तोच प्रश्न विचारला: ही मुभा का काढली?

त्या पत्रानं दारं उघडली नाहीत. पण ‘असंच चालतं’ म्हणणाऱ्यांना एका माणसानं नाव घालून, सही करून कारण विचारलं होतं. तेवढं तर कुणालाही विचारता येतं.