बुरूज बांधण्यापूर्वी



सामान्य काळातील तेविसाव्या रविवारी, 'क' वर्षात, लूकलिखित शुभवर्तमानाच्या चौदाव्या अध्यायातला एक उतारा आपण ऐकतो. प्रभू येशूबरोबर मोठा जमाव चालला आहे. तो वळतो आणि लोकांना विचारतो की बुरूज बांधू पाहणारा माणूस आधी खाली बसून खर्चाचा अंदाज घेणार नाही काय? पाया घातला आणि पुढचे काम अडले, तर येणारेजाणारे त्याला हसतील.

हा दाखला घरबांधणीविषयी नाही, शिष्यत्वाच्या किमतीविषयी आहे, हे आपण जाणतो. पण प्रभूने उदाहरण निवडले ते व्यवहारातले. हिशेब करणे म्हणजे अविश्वास दाखवणे, असे तो म्हणत नाही. उलट, हिशेब न करता धावत सुटणाऱ्या उत्साही जमावालाच तो थांबवतो. म्हणून आज त्याच्या शब्दाचे बोट धरून आपल्यातल्या अनेक कुटुंबांच्या गळ्याशी आलेल्या एका विषयावर बोलू या. तो विषय म्हणजे घराचे कर्ज.

आम्ही धर्मगुरू दर वर्षी कितीतरी नव्या घरांना आशीर्वाद द्यायला जातो. वाडीतली जुनी घरे भावाभावांत अपुरी पडतात, तरुण जोडपी फ्लॅट घेतात. मेणबत्ती पेटते, खोलीखोलीत पवित्र पाणी शिंपडले जाते, केक कापला जातो. आनंदाचाच तो दिवस. काही वर्षांनी घरभेटीला अशाच एका घरी गेलो. भिंतीवर येशूच्या पवित्र हृदयाची तसबीर तीच, पण घरात शाळकरी मुलगी आणि तिची आजी, दोघीच. मुलीचा बाप रविवारीही दुसरे काम धरून होता, आई रात्री उशिरा परतणार होती. पुढे एकदा ती बाई भेटली तेव्हा म्हणाली, "फादर, घर आमचं आहे, पण घरात आम्ही नसतो." सहा वर्षे एकही हप्ता न चुकवता भरून तिने बँकेतून कर्जाचा उतारा आणला होता, आणि मुद्दल जेमतेम हललेले पाहून ती रडली होती. बँकेने तिला फसवले नव्हते. सगळे कागदावर लिहिलेले होते. खाली बसून तो कागद समजावून सांगणारे मात्र तिला कोणी भेटले नव्हते.

आपण तो हिशेब आज मांडू या. समजा ३० लाखांचे कर्ज आहे, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटते फक्त ४,७८५ रुपयांचे. कारण व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागते, आणि सुरुवातीला सगळेच मुद्दल उरलेले असते. सहा वर्षांत आपण पावणेएकोणीस लाख भरतो, पण मुद्दल साडेचार लाखांनीही कमी झालेले नसते. अर्धे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांनी आपण एकूण सुमारे ६२ लाख ४८ हजार भरलेले असतात. म्हणजे ३० लाखांवर साडेबत्तीस लाखांच्या आसपास व्याज.

आता हप्ता जड वाटतो म्हणून मुदत ३० वर्षे केली तर? हप्ता २३,०६७ वर येतो. महिन्याला जवळजवळ तीन हजार वाचले म्हणून आपण देवाचे आभार मानतो. पण एकूण भरणा होतो ८३ लाखांवर, आणि व्याज ५३ लाख. महिन्याच्या तीन हजारांच्या सवलतीसाठी साडेवीस लाख जादा! उलट १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता २९,५४२ आणि एकूण व्याज सुमारे २३ लाख १८ हजार. हप्ता लहान दिसतो तिथे किंमत लहान असतेच असे नाही.

दुसरी गोष्ट व्याजदराची. बहुतेक गृहकर्जांचा दर बदलता असतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. २०२५ मध्ये तो पुन्हा खाली आला, पण मधल्या काळात काय झाले? पावणेसात टक्क्यांनी ३० लाख घेतलेल्याचा हप्ता होता सुमारे २२,८११. दर अडीच टक्क्यांनी वाढून सव्वानऊ झाला, तर ३० लाखांचे एका महिन्याचे नुसते व्याजच २३,१२५ होते. हप्ता व्याजालाही पुरत नाही! अनेकांचा हप्ता फारसा वाढला नाही म्हणून त्यांना काही कळलेच नाही. वाढली ती मुदत. पन्नाशीत संपणारे कर्ज निवृत्तीच्या पलीकडे गेले. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश काढला की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ग्राहकाला विचारले पाहिजे. हा आपला हक्क आहे. त्याविषयी आलेले पत्र न वाचता कपाटात टाकू नका.

कर्ज घेणे पाप आहे काय? नाही. भाड्याने राहिलो तरी पैसे जातातच, आणि ते परत येत नाहीत. शिवाय आपण भरलेल्या व्याजातूनच कोणा निवृत्त शिक्षकाला त्याच्या ठेवीवर व्याज मिळते. तोही आपल्याच बाकावर बसलेला असेल. ख्रिस्तसभेने शतकानुशतके गरिबाच्या अडचणीवर पोसलेल्या सावकारीला विरोध केला, पण ती नुसता निषेध करून थांबली नाही. पंधराव्या शतकात इटलीत फ्रान्सिस्कन संन्याशांच्या पुढाकाराने गरिबांना रास्त कर्ज देणारी धर्मादाय तारणगृहे उभी राहिली. पेरुजा शहरातले १४६२ चे. १५१५ साली पाचव्या लॅटरन महासभेने त्यांना मान्यता दिली. आणि आपल्या वसईत १९१८ साली मॉन्सिनिअर पी. जे. मोनीस यांनी कॅथॉलिक सहकारी बँकेचा पाया घातला, तो वारसा आपण जाणतोच. कर्जाचा प्रश्न हा पूर्वीपासून धर्मग्रामाचाही प्रश्न आहे.

पवित्र शास्त्रात नहेम्याच्या पुस्तकाचा पाचवा अध्याय काढून वाचा. जेरुसलेमचा तट बांधण्याचे पवित्र काम चालू असताना लोकांचा आक्रोश उठतो. धान्यासाठी त्यांनी शेते, द्राक्षमळे आणि घरे गहाण ठेवली आहेत, राजाचा कर भरायला कर्ज काढले आहे, पोटची मुले गुलामीत जात आहेत. आणि सावकार परके नाहीत, त्यांचेच भाऊबंद आहेत. नहेम्या संतापतो. पण बोलण्यापूर्वी तो मनाशी विचार करतो, आणि बोलताना स्वतःला वगळत नाही. आपण आणि आपले भाऊही उसने देत आहोत, हे तो भरसभेत कबूल करतो. मग शेते, मळे, घरे आणि घेतलेला शंभरावा हिस्सा परत करायला लावतो. स्वतः अधिपती असून बारा वर्षे तो अधिपतीचा भत्ता घेत नाही. देवाचा तट बांधायचा आणि त्याच वेळी भावाचे घर ढासळू द्यायचे, हे त्याला मान्य नव्हते.

बंधुभगिनींनो, बँकेच्या तक्त्यात रुपयांचा रकाना असतो. पण दुसराही एक रकाना आहे, जो कोणी छापत नाही. हुकलेली रविवारची मिस्सा, जेवणाच्या ताटाभोवती एकत्र न झालेली जपमाळ, हप्ता चुकेल या भीतीने गिळलेला अपमान, आईवडिलांच्या औषधावरून झालेले भांडण, पुढे ढकललेले दुसरे मूल. धर्मगुरू किंवा धर्मभगिनी व्हावेसे वाटणारा एखादा मुलगा किंवा मुलगी "घराचं कर्ज कोण फेडणार?" म्हणून गप्प बसते. येशू त्या उताऱ्याच्या शेवटी सर्वस्वाचा त्याग मागतो. ज्याची पुढची तीस वर्षे आधीच लिहून दिलेली आहेत, तो प्रभूला हो म्हणायला कितपत मोकळा राहतो? गृहकर्जाची खरी किंमत इथे मोजायची असते.

मग करायचे काय? पहिले, सही करण्याआधी नवराबायकोने प्रार्थना करून एकत्र बसावे. एका कागदावर हप्ता लिहावा, आणि त्याच्या शेजारी एकूण भरणा. मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीची देखभाल, घरपट्टी, कर्जाला जोडलेला विमा, हेही लिहावे. दर दोन टक्क्यांनी वाढला किंवा एकाची नोकरी गेली, तर सहा महिने निभेल काय, हे प्रामाणिकपणे विचारावे. निभत नसेल तर लहान घर घ्यावे किंवा दोन वर्षे थांबावे. शेजाऱ्याच्या हॉलएवढा हॉल हवा, हे कारण हिशेबात धरू नये.

दुसरे, इमारतीची कागदपत्रे तपासावीत. २०२५ च्या सुरुवातीपर्यंत नालासोपारा पूर्वेला न्यायालयाच्या आदेशानुसार ४१ बेकायदा इमारती पाडल्या गेल्या. आयुष्याची कमाई घातलेली कुटुंबे रस्त्यावर आली. वाळूवर बांधलेल्या घराचा दाखला आपल्याला आणखी कुठे शोधायचा?

तिसरे, कर्ज आधीच चालू असेल तर खचू नका. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेड केल्यास दंड लागत नाही. वर मांडलेल्या २० वर्षांच्या उदाहरणात दर वर्षाअखेर फक्त एक हप्ता जादा भरला, तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपते आणि सहा लाखांहून अधिक वाचतात. बोनसचे पैसे नाताळच्या खरेदीत जाण्याआधी याचा विचार व्हावा. कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत, असाही नियम आहे. ती मागून घ्या.

चौथे, जामीनदारांसाठी. "फादर, नुसती सही हवी होती, नाही कसं म्हणणार?" हे आम्ही अनेकदा ऐकले आहे. जामीन ही नुसती सही नसते, ते आपल्या नावावरचे कर्जच असते. दुसऱ्यासाठी हमी देऊन अडकलेल्याला नीतिसूत्रांचा सहावा अध्याय झोपही न घेता सुटका करून घ्यायला सांगतो. प्रेमाने नाही म्हणणे हेही प्रेमच आहे.

आणि पाचवे, ज्यांचे हप्ते थकले आहेत त्यांच्यासाठी. लपू नका. थकबाकी ९० दिवसांपलीकडे गेली की कर्ज बुडीत वर्गात जाते, आणि २००२ च्या कायद्यानुसार बँक ६० दिवसांची नोटीस देऊन घराचा ताबा घेण्याकडे वळू शकते. त्याआधी बँकेत जा, अडचण लेखी सांगा, मुदतीची फेरमांडणी मागा. एकट्याने जायला संकोच वाटत असेल तर आमच्यापैकी कोणाला तरी बरोबर घ्या. आपल्यात बँकेत नोकरी केलेले, हिशेबनीस, वकील आहेत. त्यांनी मिस्सेनंतरचा अर्धा तास अशा एखाद्या कुटुंबासाठी द्यावा. तीसुद्धा नहेम्याची सेवा आहे.

इथे आम्हालाही नहेम्यासारखी कबुली दिली पाहिजे. आम्ही घरांना आशीर्वाद दिला, पण त्या घरावर किती ओझे आहे हे विचारले नाही. रविवारी न दिसणाऱ्या बापाला आम्ही निष्काळजी ठरवले. तो कुठे असतो, याची चौकशी केली नाही. मोठ्या घराचे कौतुक आम्हीही केले. यापुढे आशीर्वादासाठी नाव नोंदवायला येणाऱ्या जोडप्याला आम्ही एक प्रश्न विचारू: "खाली बसून हिशेब केलात ना?" तो चौकशीचा प्रश्न समजू नका. तो प्रभूचाच प्रश्न आहे.

त्या बाईचे पुढे काय झाले, हे सांगून थांबतो. नवराबायको दोघे एका निवृत्त बँक कर्मचाऱ्यासोबत बसले. तिच्या सासूने आपली छोटी ठेव मोडून मुद्दलात भरली, चारचाकीचा बेत रद्द झाला आणि नवऱ्याने रविवारचे काम सोडले. कर्ज अजून आहे. पण रविवारी सकाळी तिघे आणि आजी, चौघेही एका बाकावर दिसतात.

प्रार्थना करू या: हे प्रभू येशू, नाझरेथच्या सुताराच्या घरी तू वाढलास, आणि पुढे डोके टेकायलाही तुला जागा नव्हती. घर शोधणाऱ्यांना शहाणपण दे, कर्जाखाली दबलेल्यांना धीर दे, आणि आम्हाला एकमेकांचे ओझे वाहायला शिकव. आमच्या छपराखाली तुझ्यासाठी आणि एकमेकांसाठी वेळ शिल्लक राहू दे. आमेन.