कॅमेरा बाजूला ठेवावा का?



‘ट्वेंटी डेज इन मारिउपोल’ हा २०२३ चा माहितीपट आपण काही जणांनी युवकांबरोबर पाहिला. तो संपल्यावर एका मुलीने विचारले, “फादर, समोर माणूस मरत असताना ह्यांना शूटिंग करवते तरी कसे?” आम्ही घाईघाईने काहीतरी उत्तर दिले. ते आम्हालाच पटले नाही.

मारिउपोल हे युक्रेनमधील अझोव समुद्राकाठचे, युद्धापूर्वी चार लाखांवर वस्तीचे शहर. फेब्रुवारी २०२२ मध्ये रशियाने आक्रमण केले आणि काही दिवसांतच शहराला वेढा पडला. वीज, पाणी, फोन, सारे बंद. दिग्दर्शक मस्तिस्लाव्ह चेर्नोव्ह दोन सहकाऱ्यांसह आतच राहिला. पहिल्याच दिवशी रडणाऱ्या एका बाईला त्याने धीर दिला की घरी जा, सामान्य लोकांवर कोणी हल्ला करीत नाही. थोड्याच वेळात त्याच वस्तीवर तोफगोळे पडले. आपली ही चूक त्याने चित्रपटातून कापली नाही.

९ मार्चला प्रसूतिगृहावर बॉम्बहल्ला झाला. स्ट्रेचरवरून नेल्या जाणाऱ्या एका जखमी गरोदर स्त्रीचे छायाचित्र जगभर गेले. तिला कोणी विचारले होते का? नाही. सेमिनरीत आम्ही कांट शिकलो: माणसाला केवळ साधन म्हणून वापरू नये. त्या कसोटीवर हे छायाचित्र सहजासहजी उतरत नाही, आणि हेतू चांगला होता एवढ्याने अडचण सुटत नाही. आपल्या घरातल्या सुनेचा असा फोटो आपण छापू दिला असता का?

पण पुढचेही ऐकायला हवे. इस्पितळात शुश्रूषा करायला डॉक्टर होते, आणि ते डॉक्टरच ‘हे टिपा, जगाला दाखवा’ असे सांगत होते. रशियन अधिकारी म्हणू लागले की हा सारा बनाव आहे, त्या बायका नट्या आहेत. तेव्हा हे पत्रकार गोळागोळी चालू असताना त्या स्त्रियांना शोधत निघाले. एक सापडली, तिला मुलगी झाली होती. स्ट्रेचरवरची मात्र बाळासकट गेली होती.

आम्हाला फरक दिसतो तो इथे. रस्त्यात अपघात झाला की आपल्याकडेही दहा मोबाईल वर होतात. त्यांतला संध्याकाळी इस्पितळात जाऊन चौकशी करणारा एखादाच, तोही मिळाला तर! हे पत्रकार गेले. अर्थात हेही उत्तर पुरते नाही. त्या स्त्रीची परवानगी त्यामुळे मिळाली असे होत नाही, आणि आता ती मिळणारही नाही.

मार्च २०२४ मध्ये ह्या चित्रपटाला ऑस्कर मिळाले. मंचावर चेर्नोव्ह म्हणाला की, हा चित्रपट काढावाच लागला नसता तर बरे झाले असते.