वेळ कोण ठरवतं?

पावण्याच्या औद्योगिक वसाहतीत पाळी बदलायची वेळ झाली की ठाणे-बेलापूर रस्त्यावर दोन गर्द्या एकमेकींना भेटतात, एक सुटलेली आणि एक कामावर निघालेली. इथे मिनिटाला पगार चिकटलेला असतो. त्याच रस्त्याच्या पश्चिमेला खाडी आहे, आणि खाडीकाठच्या आगरी-कोळ्यांचं घड्याळ चंद्रावर चालत आलं आहे. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची ढोबळ वेळ मिळते, पंचमीला पावणेचार. हा हिशेब शिकायला कुणाची दीक्षा लागत नाही.

काळाचा प्रवाह सांभाळणारा गुप्त संघ ही कल्पना कादंबऱ्या आणि चित्रपटांना फार आवडते. मूठभर जाणकार, सांकेतिक खुणा, बाहेर कुणाला कळू न देता सुरळीत ठेवलेलं जगाचं घड्याळ. या कल्पनेत दिलासा आहे, म्हणूनच ती टिकते. पण काळाच्या राखणदारांनी लपूनच राहिलं पाहिजे, हे तिच्यातलं गृहीतक महाराष्ट्राच्या अनुभवाला पटत नाही. इथे वेळ राखली गेली ती भांडून, छापून आणि चारचौघांत गणित मांडून.

कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी शके 1442 मध्ये, म्हणजे 1520 साली, ‘ग्रहलाघव’ रचला. ग्रहगणितातली ज्या-कोज्यांची किचकट आकडेमोड टाळून त्यांनी सोप्या रीती दिल्या. त्यामुळे गावोगावच्या जोशांना पंचांग करता येऊ लागलं आणि विद्या मोजक्या घरांत अडकून राहिली नाही. पुढची तीनेक शतकं महाराष्ट्राचे सण, मुहूर्त आणि ग्रहणं या ग्रंथावर चालली.

मात्र सोप्या रीतींतली बारीक चूक वर्षागणिक साठत जाते. एकोणिसाव्या शतकापर्यंत पंचांगातलं ग्रहण आणि आकाशातलं ग्रहण यांचा मेळ बसेनासा झाला. पुण्याचे गणिती केरो लक्ष्मण छत्रे यांनी आधुनिक वेधांवर आधारलेलं पंचांग काढलं. आबासाहेब पटवर्धनांच्या पाठबळामुळे ते पटवर्धनी म्हणून ओळखलं गेलं. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी 1896 साली ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ लिहून या विद्येचा सगळा इतिहास मराठी वाचकापुढे ठेवला. राशिचक्राचा आरंभ कुठून मोजायचा यावरून मग मोठा वाद पेटला. लोकमान्य टिळक रेवती ताऱ्यावरून मोजण्याच्या बाजूचे, तर व्यंकटेश बापूजी केतकर चित्रा ताऱ्यावरून. दोन्ही आरंभांत सुमारे चार अंशांचं अंतर पडतं. सूर्य रोज साधारण एक अंश सरकतो, म्हणून संक्रांत चारेक दिवस पुढेमागे होते आणि एखाद्या वर्षी अधिक महिनाच वेगळा येतो. टिळकांनी हा प्रश्न ज्योतिष संमेलनांपुढे नेला. एकमत झालं नाही, पण प्रत्येक पक्षाचं गणित कागदावर आलं. स्वतंत्र भारतात पंचांग सुधारण्यासाठी मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली, तेव्हा तिच्यात नागपूरचे के. ल. दप्तरी आणि ‘केसरी’चे माजी संपादक ज. स. करंदीकर होते. समितीचा अहवाल 1955 साली प्रसिद्ध झाला आणि 22 मार्च 1957 पासून भारतीय सौर दिनदर्शिका लागू झाली.

न विचारता वेळ बदलली की काय होतं, तेही मुंबईने पाहिलं आहे. गव्हर्नर फर्ग्युसन यांनी 1881 साली शहरावर मद्रासची वेळ लादली. लोकांनी ती मानली नाही आणि 1883 साली ती मागे घ्यावी लागली. पुढे 1 जानेवारी 1906 पासून भारतीय प्रमाणवेळ आली आणि मुंबईची घड्याळं 39 मिनिटं पुढे सरकवायचा हुकूम झाला. गिरणी कामगारासाठी त्याचा अर्थ सरळ होता: सूर्य तिथेच, पण भोंगा 39 मिनिटं आधी. त्याच जानेवारीत जेकब ससून गिरणीतल्या कामगारांचा संताप उसळला. वंगभंगाचे दिवस होते, त्यामुळे नव्या वेळेकडे शहर सरकारी जुलूम म्हणूनच पाहत होतं. प्रमाणवेळ देशाच्या सोयीची होती, हे आज मान्य करायला हरकत नाही. पण ज्यांची झोप 39 मिनिटांनी कमी होणार होती, त्यांना कुणी विचारलं नव्हतं.

आज भारताची वेळ दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेतली सीझियमची अणुघड्याळं राखतात. पृथ्वीचं फिरणं अणूइतकं नियमित नसल्याने 1972 पासून जगाच्या घड्याळात 27 लीप सेकंद मिळवले गेले. शेवटचा भारतात 1 जानेवारी 2017 च्या पहाटे 5 वाजून 29 मिनिटं 59 सेकंदांनंतर आला. संगणकांना हा जादा सेकंद झेपत नाही, म्हणून 2035 पर्यंत ही पद्धत बंद करावी असं वजनमापांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने 2022 साली ठरवलं. पुढे अणूचं घड्याळ आणि सूर्य यांच्यातलं अंतर हळूहळू वाढत जाईल. निर्णय गुप्त नव्हता, पण त्यावर मराठीत फारशी चर्चा झाली नाही.

पावण्याशेजारच्या महापे-ऐरोली पट्ट्यात डेटा सेंटरं उभी आहेत. तिथल्या संगणकांची घड्याळं राष्ट्रीय वेळेशी जुळलेली असावीत, असा सरकारी दंडक 2022 पासून आहे. बँकेची नोंद, शेअरचा सौदा, गेटवर उमटलेली कामगाराची हजेरी, सगळं याच वेळेवर विसंबून आहे. म्हणून ती कोण आणि कशी राखतं हे शाळेतल्या मुलाला माहीत असलं पाहिजे. दात्यांचं पंचांग किंवा कालनिर्णय घरी आलं की सणांच्या तारखांवर न थांबता त्यामागचं गणित कोणत्या पक्षाचं आहे, हे मुलांसोबत शोधून पाहावं. आणि उद्या वेळ बदलायचा प्रस्ताव कुणी मांडला, तर पहिला सल्ला पाळीवर जाणाऱ्यांचा घ्यावा.