वास्तूचे मोल

लक्ष्मीपूजनाला हिशेबाची वही उघडावी, ही आमच्या घरची जुनी रीत. यंदा तीत मी फिटलेल्या गृहकर्जाचा हिशेब मांडला. २००५ साली काढलेले तीस लाख, दर साल नऊ टक्के, मुदत वीस वर्षे. दरमहा हप्ता २६,९९२ रुपये. पहिल्या हप्त्यातले २२,५०० व्याजातच गेले. मुद्दल फिटले अवघे ४,४९२! एकंदर भरणा झाला सुमारे ६४ लाख ७८ हजार. म्हणजे मुद्दलाच्या दुपटीहून अधिक.

पण या आकड्याबद्दल माझी तक्रार नाही. तो मी आधी ताडून पाहायला हवा होता, इतकेच. मला बोचतो तो वहीत न चढलेला खर्च. हिला नोकरी सोडून गाणे शिकायचे होते. "हप्ते फिटू देत," मी म्हणत राहिलो. हप्ते फिटले, तोवर गळा थकला होता.

कर्जाच्या कागदावर सही माझी एकट्याची होती. मग तारण ठेवलेली वर्षे तिची कशी? घरासाठी दुसऱ्याचे आयुष्य न विचारता गहाण टाकण्याचा अधिकार मला कुणी दिला?

काल पणत्या लावताना मी हे तिला बोलून दाखवले. ती हसून म्हणाली, "अहो, घर झालं ना?"

त्या 'ना'चे व्याज अजून चढतेच आहे.