हाव म्हणणारा माणूस

मागच्या पावसाळ्यात अकोल्यात एका पानठेल्यावर उभा होतो. ठेलेवाल्याच्या मोबाइलवर ‘चला हवा येऊ द्या’ या टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमातला जुना तुकडा चालू होता. भाऊ कदमांच्या वाक्यावर स्टुडिओत हशा पिकला, पण ठेलेवाला आपला सुपारी कातरतच राहिला. मग भारत गणेशपुरेंनी मान वळवली, समोरच्याकडे थंडपणे पाहिलं, काहीच बोलले नाहीत. अडकित्ता थांबला. ठेलेवाला हसला ते तिथं.

तेव्हापासून डोक्यात घोळतंय, की पुण्या-मुंबईचा प्रेक्षक जिथं हसतो तिथं वऱ्हाडातला का हसत नाही?

गणेशपुरे अमरावती जिल्ह्यातले. ‘फू बाई फू’मधून घराघरात पोचले, आणि 2014 साली निलेश साबळेंनी ‘चला हवा येऊ द्या’ची काल्पनिक ठुकरटवाडी वसवली तेव्हा तिचे रहिवासी झाले. हा कार्यक्रम जवळपास दहा वर्षं चालला. भाऊ कदम, कुशल बद्रिके, श्रेया बुगडे, सागर कारंडे अशी तगडी मंडळी भोवती. त्यात गणेशपुरेंच्या वाट्याला बरेचदा यायचं ते दुसऱ्याच्या विनोदाला जमीन देण्याचं काम. आपण याला ‘सहायक’ म्हणतो आणि पाटीवर नाव खाली लिहितो. आमच्याकडे या कामाला जुना शब्द आहे, हुंकारा. गोष्ट सांगणाऱ्याला कुणीतरी ‘हूं’ म्हणावं लागतं, नाहीतर गोष्ट पुढं सरकत नाही.

वऱ्हाडात त्या ‘हूं’चं ‘हाव’ होतं. (पुण्यातल्या एका मित्राला बरेच दिवस वाटायचं की आम्ही फार लोभी लोक आहोत, उठता-बसता ‘हाव, हाव’ करतो.) हा ‘हाव’ म्हणजे नुसता होकार नव्हे. लांबवला तर ‘सांग, सांग, ऐकून रायलो’, तोडला तर ‘बस झालं तुझं’, आणि वर डोळे बारीक केले तर ‘खोटं बोलून रायला तू’. दोन अक्षरी शब्दात एवढं वजन पेलायचं, तर चेहरा स्थिर हवा. गणेशपुरेंचा तो असतो. वाक्य सोडून ते मागं सरतात, घाई करत नाहीत.

हे हुंकाराचं काम पडद्यावर आलं ते अलीकडं, रीत मात्र जुनी. गाडगेबाबांचं कीर्तन आठवा. अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचा हा माणूस कीर्तनात उपदेश कमी करायचा नि प्रश्न जास्त विचारायचा. समोरचे उत्तर द्यायचे, त्या उत्तराच्या पोटातूनच पुढचा प्रश्न निघायचा, आणि माणूस आपल्याच होकारात अडकायचा. हसता हसता ओशाळायचा. 1956 साली वांद्र्याच्या पोलीस ठाण्यात झालेलं त्यांचं अखेरचं कीर्तन ध्वनिमुद्रित झालं, म्हणून ते आजही ऐकता येतं. ऐकताना बाबांइतकंच लक्ष समोरच्या लोकांच्या एकसुरी होकाराकडं द्यावं. तो होकार काढून टाकला तर बाबांच्या प्रश्नांची धार निम्मी होईल. तिथं समोरची सगळी माणसं सहायक नटाचं काम करत होती, बिनपगारी.

आता जरा तक्रार. टीव्हीला आमची बोली आवडली ती मसाला म्हणून. ‘मले’, ‘तुले’, ‘काहून’ घातलं, ‘डोळा’चा ‘डोया’ केला, ‘तो जातो’चं ‘तो जाते’ केलं, की पात्र तयार. आणि दर वाक्याला ‘बे’. अहो, ‘बे’ला नातं लागतं! बरोबरीच्याला, लहान्याला, जिवलगाला ‘बे’. बापाला ‘बे’ म्हणणारा पोट्टा आमच्याकडं घरात जेवायला बसू शकत नाही. मालिकांतले नकली वऱ्हाडी मात्र मास्तरालाही ‘बे’ म्हणतात. या बोलीला पहारेकरी मिळतो, भोळा गावकरी मिळतो, इरसाल पुढारी मिळतो. प्रेम करणारा नायक मिळत नाही, न्यायाधीश तर नाहीच. लीळाचरित्र ज्या रिद्धपुरात लिहिलं गेलं, ते अमरावती जिल्ह्यातलंच. मराठी गद्याचा पाळणा जिथं हलला, तिथल्या माणसानं तोंड उघडलं की विनोदच होणार, हे गृहीत कुणी धरलं? (‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या एकपात्री नाटकाचा दाखला देऊ नका. ते वऱ्हाड लग्नाचं. लक्ष्मण देशपांडे नि त्यांची बोली मराठवाड्याची.)

गणेशपुरेंना या बोलीनं ओळख दिली आणि त्याच बोलीनं त्यांची जागाही ठरवून टाकली, असं मला वाटतं. पण त्या ठरलेल्या जागेत त्यांनी केलेली एक गोष्ट मोठी आहे. त्यांनी बोलीला वेश म्हणून अंगावर चढवलं नाही. शब्द कमी, सूर जास्त. अमरावतीत कढी ओतलेला गिला वडा खात उभा असलेला कुणीही माणूस जसा बोलतो, तसं. बाहेरच्याला शब्द ऐकू येतो, तो शब्दावर हसतो. घरच्याला दोन शब्दांमधली जागा ऐकू येते.

पान घेताना ठेलेवाल्याला विचारलं, ‘‘एवढे सगळे धमाल करून रायले, अन् तुम्ही याच्यावरच हसले?’’

चुना लावता लावता तो म्हणाला, ‘‘बाकीचे बोलते जी. हा आयकते.’’

मग अंगठ्यानं तुकडा मागं सरकवून त्यानं ती मान वळवण्याची जागा पुन्हा लावली.